चालेल

मालिनीबाई कर्णिकांच्या घरात पंचांग नव्हतं आणि याचा त्यांना अभिमान होता. बालपण जमशेदपूरला, शिक्षण कॉन्व्हेंटमध्ये, माहेरी जेवायला काटे-चमचे. तिथी आणि वार आपल्याला कळत नाहीत हे त्या चारचौघांत हौसेनं सांगायच्या. पण नवरा अंबरनाथच्या रंगांच्या कारखान्याचा जनरल मॅनेजर. त्यामुळे घरी पार्ट्या होणार, पार्ट्यांना हाताखालचे ऑफिसर बायका घेऊन येणार, आणि त्या बायकांना वर्षाचे निम्मे दिवस कसला ना कसला उपास असणार. यावर मालिनीबाईंनी सोपा तोडगा काढला होता. तारीख मनात आली की त्या अंजनीला विचारायच्या, "चालेल ना गं? बघ तुझ्या त्या कॅलेंडरमध्ये." अंजनी बघायची. ती "चालेल" म्हणाली की आमंत्रणं सुटायची. "नको मॅडम, एकादशी आहे" म्हणाली की तारीख पुढे जायची. सहा वर्षं हे असं बिनबोभाट चाललं होतं.

अंजनी म्हणजे जयदेव भोईरची बायको. जयदेव कारखान्यात केमिस्ट, बदलापूर गावातल्या भोईरांच्या घरातला पहिला बी.एस्सी. अंजनीचं माहेर उरणकडचं, मिठागरावरचं. मासळी आणि मीठ या दोन गोष्टींतलं तिला शाळेत जायच्या आधीपासून कळत होतं. बाकी कशात तिनं कधी बढाई मारली नाही, पण कोलंबी तव्यावर किती वेळ ठेवायची हे मला कुणी शिकवू नये, असं ती स्वच्छ म्हणायची आणि ते खरं होतं.

या हाताचा शोध मालिनीबाईंना पहिल्याच वर्षी लागला. कुणाच्या तरी डोहाळजेवणाला अंजनीनं केलेली सोड्याची खिचडी त्यांनी तीनदा वाढून घेतली आणि पुढच्या पार्टीच्या आदल्या दिवशी कारखान्याची जीप भोईरांच्या दाराशी आली. "जरा मदतीला ये गं." साहेबांच्या बायकोनं बोलावलंय म्हटल्यावर नाही कोण म्हणणार? अंजनी गेली. मग दर पार्टीला जात राहिली. ती स्वयंपाकघरात, मालिनीबाई दिवाणखान्यात. ताट मात्र मालिनीबाई स्वतःच्या हातानं फिरवायच्या, कारण कौतुक ताटापाशीच गोळा होतं. "माझ्या सासूबाईंची रेसिपी," त्या म्हणायच्या. सासूबाई कधीच वारलेल्या, त्यामुळे त्या काही बोलायला येणार नव्हत्या.

एवढ्यावर अंजनीनं डूख धरला नसता. बायकांच्या जगात असली चोरीमारी चालतेच, म्हणून तिनं ते सोडून दिलं असतं. पण गेल्या वर्षी जर्मनीहून म्युलरसाहेब आणि त्यांची बायको आली होती. कोलंबी खाऊन ती बाई इतकी खूश झाली की ताट हातात घेऊन सरळ स्वयंपाकघरातच शिरली. अंजनी ओट्याशी उभी होती. जांभळी रेशमी साडी, केसांत अबोली, गळ्यात लग्नातलं मंगळसूत्र. काम आटोपलं की आपणही बाहेर जाऊन बसायचं म्हणून ती घरूनच तयार होऊन आली होती. जर्मन बाईनं विचारलं, या कोण? आणि मालिनीबाई मागून येत, अगदी सहज, डोळ्याची पापणीही न लवता म्हणाल्या, "ओह, शी इज अवर किचन हेल्प."

अंजनी दहावी पास होती. एवढं इंग्रजी तिला कळत होतं. दारात जयदेव उभा होता, हातात ग्लासांचा ट्रे. त्यालाही ऐकू गेलं. त्यानं मान खाली घातली आणि मूग गिळून ट्रे घेऊन पुढे गेला. त्या रात्री घरी आल्यावर तिनं ती जांभळी साडी घडी करून पेटीत तळाशी ठेवली आणि मनाशी ठरवलं, ज्या दिवाणखान्यात मी कामवाली झाले, त्याच दिवाणखान्यात, सगळ्यांसमक्ष, याच बाईच्या तोंडून 'हे अंजनीनं केलं' असं वदवून घेईन. कसं ते तेव्हा तिला ठाऊक नव्हतं. वर्षभर ती जीपमध्ये बसून जात राहिली, कोलंबी सोलत राहिली, आणि वाट बघत राहिली.

जानेवारीत मालिनीबाईंनी तिला बोलावून घेतलं. म्युलर नवरा-बायको पुन्हा येत होते. त्यांच्या कंपनीबरोबरच्या करारावर सह्या व्हायच्या होत्या आणि सह्या झाल्या की कर्णिकसाहेब डायरेक्टर होणार, हे अख्ख्या अंबरनाथ पश्चिमेला माहीत होतं.

"ह्या वेळी काहीतरी इंटरनॅशनल करायचं," मालिनीबाई म्हणाल्या आणि त्यांनी एका परदेशी मासिकाचं पान तिच्यापुढे धरलं. गुळगुळीत कागदावर फोटो होता. वाकडी कोलंबी, तिच्याभोवती तांबूस-पांढऱ्या मांसाची पट्टी गुंडाळलेली, मधून काडी खोचलेली. "हे बेकन. पोर्क असतं. मुंबईच्या कोल्ड स्टोरेजमधून आणवते मी. जमेल तुला?"

"जमेल," अंजनी म्हणाली.

"आणि चेअरमनसाहेब स्वतः येणार आहेत. नाहीतर कुठे येतात ते आपल्याकडे! पण त्या दिवशी म्हणे त्यांचं इकडेच कल्याणच्या बाजूला काहीतरी काम आहे. म्हणून मंगळवार धरलाय, तेवीस तारीख. चालेल ना गं? बघ तुझ्या त्या कॅलेंडरमध्ये."

कॅलेंडर बघायची गरजच नव्हती. तेवीस तारखेच्या चौकोनात लाल अक्षरात काय छापलंय हे अंजनीला पाठ होतं, कारण सासू महिनाभर तेच घोकत होती. अंगारकी संकष्टी, चंद्रोदय नऊ अठरा. आणि चेअरमन धुरंधरसाहेबांचं कल्याणच्या बाजूला कसलं काम आहे हेही तिला ठाऊक होतं. दर अंगारकीला ते टिटवाळ्याच्या गणपतीला जायचे. मागच्या अंगारकीला जयदेवनंच त्यांच्यासाठी रांगेत जागा धरली होती, आणि अंजनीनं घरून नेलेल्या मोदकांतला एक त्यांनी तिच्या हातून, "भोईर, ही तुमची मिसेस ना?" असं विचारत, डोळ्यांना लावून घेतला होता.

हे सगळं तिच्या डोक्यात एका क्षणात जुळलं. मालिनीबाई मासिकाचं पान निरखत उत्तराची वाट बघत होत्या, तीही अर्धवटच, कारण उत्तर काय येणार याची त्यांना फारशी फिकीर नव्हती.

"चालेल," अंजनी म्हणाली.

तिला वाटलं होतं, बाहेर पडल्यावर आपल्याला वाईट वाटेल. तसं काही झालं नाही. ती चालत स्टेशनापर्यंत आली, एक शहाळं प्यायली आणि सावकाश घरी गेली.

मग तयारी सुरू झाली. रंगीत काड्या आणायला अंजनी स्वतः उल्हासनगरला गेली. दुकानदार म्हणाला, "फॉरेनका माल है भाभी, एकदम फस्क्लास," आणि काड्यांचं पाकीट उघडून दाखवलं. काडीच्या टोकाला कागदाची इवलीशी छत्री होती. तिनं चार पाकिटं घेतली. मालिनीबाईंनी ताट फिरवलं की या छत्र्यासुद्धा त्यांच्या सासूबाईंच्या ठरल्या असत्या.

शनिवारी तिनं घरी, मालिनीबाईंनी आणवलेल्या बेकनच्या एका पाकिटावर, हात बसवून बघितला. पहिल्या खेपेला कोलंबी रबरासारखी चिवट झाली आणि बेकन मात्र आतून कच्चंच राहिलं. दोघांचा वेळ वेगळा होता, हे तिला लगेच कळलं. मग तिनं आधी पट्ट्या एकट्याच तव्यावर टाकल्या, चरबी सुटू दिली, कुरकुरीत व्हायच्या आत उचलल्या, आणि तशा मऊ असतानाच कोलंबीभोवती गुंडाळल्या. कोलंबीला नुसतं आलं-लसूण, हिरवी मिरची आणि कोकमाचं आगळ. मग काडी खोचून पुन्हा तव्यावर, जोड खाली करून, दोन मिनिटं. जयदेवनं एक तोंडात टाकली, डोळे मिटले, दुसरी घेतली. तिसऱ्या वेळी हात पुढे करता करता तो थांबला.

"अंजू, पार्टी मंगळवारी ना? मंगळवारी तर अंगारकी."

"हो."

"अगं, मग मॅडमना सांगायला पाहिजे!"

"सांगा की," अंजनी म्हणाली. "तुम्हीच सांगा. गेल्या वर्षी सांगितलं होतंत ना, तसंच सांगा."

जयदेवचा हात ताटावरच राहिला. मग तो उठला आणि हात धुवायला मोरीत गेला. नळ बराच वेळ चालू होता.

रविवारी नीलिमा येऊन गेली. तिचा नवरा पर्चेस ऑफिसर. "आमंत्रण आलंय, तेवीस तारीख," ती दारातूनच कुजबुजली. "मॅडमना माहीत नाहीये का गं अंगारकी आहे ते?"

"तू विचार ना त्यांना."

"बाई गं, मी? त्या म्हणतील काय गावठी बायका आहेत." नीलिमानं जीभ चावली. "आणि माहीत असेलही. त्या कुठे मानतात काही? आपण आपलं सरबत घेऊन बसू कोपऱ्यात." असं म्हणून ती गेली. अंबरनाथमध्ये त्या आठवड्यात किमान दहा घरांत हेच बोलणं झालं असणार. साहेबाच्या बायकोला तिची चूक दाखवणारी बाई काही त्या दहा घरांत नव्हती. मालिनीबाईंनी सहा वर्षं जो दरारा कमावला होता, तो आता अंजनीच्या कामी येत होता.

सोमवारी संध्याकाळी सासू आली. कमळाबाई बदलापूर गावात राहायच्या आणि दर अंगारकीच्या आदल्या दिवशी मुलाकडे मुक्कामाला यायच्या, पहाटे शेजारणींबरोबर टिटवाळ्याला जायला. चहासाठी दूध घ्यायला त्यांनी फ्रिज उघडला आणि शनिवारचं उरलेलं पाकीट बाहेर काढलं.

"यो काय गो अंजने?"

"डुकराचं मास हाय, आई. उद्या साहेबाकरं पार्टी हाय, तिचा." सासूशी बोलताना अंजनी आपोआप घरच्या बोलीवर यायची.

"उद्या? उद्या अंगारकी हाय नं गो?"

"हाय."

"मंग त्या बायला कोनी सांगला नाय?"

"तिनं मनाच इचारला व्हता."

"नं तू काय बोललीस?"

"चालंल बोलली."

कमळाबाई पाकीट हातात धरून स्टुलावर बसल्या. गेल्या वर्षीचं सगळं त्यांना माहीत होतं. सून कधी रडली नव्हती, पण जांभळी साडी पेटीच्या तळाशी का गेली, हे त्यांनी लेकाच्या तोंडून काढून घेतलं होतं.

"देवाचा दिस हाय गो," त्या शेवटी म्हणाल्या. "तुमच्या भांडनात देवाला कनाला घालतस?"

"मी नाय घातला. तिलाच देवाचा दिस कलत नाय, त्याला मी काय करू? मी खानार नाय. मना उपासच हाय."

कमळाबाईंनी पाकीट उलटसुलट केलं, नाकाशी नेलं आणि नाक मुरडलं.

"खारवलेला हाय?"

"लय."

"मंग कोलबीला मीठ लावू नको," कमळाबाई म्हणाल्या आणि पाकीट पुन्हा फ्रिजमध्ये ठेवून दिलं.

मंगळवारी दुपारी अंजनीनं पेटीच्या तळातून जांभळी साडी काढली.

कर्णिकांच्या बंगल्यातल्या स्वयंपाकघरात शहाण्णव कोलंब्या आल्या होत्या, एकेक बोटभर. तिनं सगळ्या सोलल्या, पाठीवरचा काळा दोरा काढला, शेपट्या तशाच ठेवल्या, कारण फोटोत होत्या. शिवल्यानं उपास मोडत नाही, तोंडात घातल्यानं मोडतो, असा निकाल तिनं स्वतःपुरता देऊन टाकला होता. सकाळपासून पोटात पाण्याशिवाय काही नव्हतं. चव बघता येणार नव्हती, म्हणून ती नुसती नजरेवर चालली होती. कोलंबीचा रंग कुठे बदलतो, पट्टी कुठे आखडते, जोड कधी पक्का धरतो. खरं सांगायचं तर तिला हा पदार्थ बिघडवता आला असता. मूठभर मीठ घातलं असतं तरी काम झालं असतं. पण हाताला बट्टा लावून घ्यायचा नव्हता. कुणी खाऊ नये, पण ज्यानं खाल्लं त्यानं आयुष्यभर विसरू नये, असं तिला हवं होतं.

सात वाजता पाहुणे जमले. अंजनीनं पहिलं ताट सजवलं. चोवीस कोलंब्या, चोवीस छत्र्या, मधे लिंबाच्या फोडी. मालिनीबाई नव्या शिफॉनमध्ये आत आल्या, ताटाकडे बघून "ओह, परफेक्ट!" म्हणाल्या आणि नेहमीप्रमाणे ताट उचलून बाहेर गेल्या. अंजनी स्वयंपाकघराच्या दाराआड उभी राहिली. फटीतून तिला निम्मा दिवाणखाना दिसत होता.

म्युलरसाहेबांनी दोन घेतल्या. त्यांच्या बायकोनं एक खाल्ली, "आह" केलं आणि आणखी दोन उचलल्या. मालिनीबाई खुलल्या. मग त्या ऑफिसरांच्या घोळक्याकडे वळल्या.

"घ्या ना कुलकर्णी."

"नको मॅडम, पोट जरा बरं नाहीये."

"प्रधान, तुम्ही तरी?"

"आत्ताच चहा झालाय, मॅडम."

नीलिमानं नुसतीच मान हलवली. तिच्या शेजारचीनं सरबताचा ग्लास तोंडाला लावला आणि काढलाच नाही. नीलिमाच्या नवऱ्यानं ताटाकडे बघून आवंढा गिळला आणि हात जोडले. ताट एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत गेलं आणि जसंच्या तसं परत आलं. बाटल्यांना कुणी हात लावला नव्हता. दरवेळी पहिल्या दहा मिनिटांत ग्लास भरून घेणारा प्रधान आज खिडकीबाहेर आकाशाकडे बघत होता.

"सगळे एवढे लाजताय काय?" मालिनीबाई हसून म्हणाल्या. पण हसू ओढूनताणून आणलेलं होतं. अंजनीनं ते वर्षभर वाट बघून मिळवलं होतं, तिनं ते डोळे भरून बघितलं.

तेवढ्यात बाहेर गाडी वाजली. गुरुदत्त धुरंधर आत आले. सत्तरीचे, पांढरा झब्बा, कपाळावर शेंदूर आणि अष्टगंध, हातात पेढ्यांचा पुडा. सगळे ऑफिसर उभे राहिले. कर्णिकसाहेब पुढे धावले. आणि मालिनीबाई, जनरल मॅनेजरची बायको म्हणून जे करायला हवं ते सगळं करायच्या घाईत, ताट घेऊन थेट त्यांच्यासमोर गेल्या.

"वेलकम सर! आधी एक घ्याच. बेकनमधे रोल केलेल्या प्रॉन्स आहेत."

"बेकन म्हणजे?"

"पोर्क, सर. एकदम युरोपियन स्टाइल."

धुरंधरसाहेब दोन पावलं मागे सरले. पेढ्यांचा पुडा त्यांनी छातीशी धरला, ताटाचा वारा लागू नये म्हणून.

"मिसेस कर्णिक," ते हळू आवाजात म्हणाले, "आज अंगारकी आहे."

"आज काय आहे?"

हे वाक्य मालिनीबाई आजवर दहा ठिकाणी दिमाखात बोलल्या असतील. या वेळी त्यावर कुणीही हसलं नाही. कर्णिकसाहेबांचा चेहरा उतरला. चेअरमनांनी ऑफिसरांकडे एक नजर टाकली. रिकाम्या हातांनी उभे असलेले पंधरा जण आणि सरबताच्या ग्लासांमागे लपलेल्या त्यांच्या बायका.

"माझं राहू द्या," ते म्हणाले. "पण या सगळ्यांचे उपास आहेत. तुम्हाला घरात आज कुणी एकानंही सांगितलं नाही?"

मालिनीबाईंची नजर सैरभैर फिरली आणि स्वयंपाकघराच्या दारावर येऊन थांबली.

"अंजनी!" त्या ओरडल्याच. "इकडे ये. सर, हे सगळं हिनं केलंय. अंजनीनं. मी काहीच केलेलं नाही."

दाराआड अंजनीनं डोळे मिटून घेतले. सहा वर्षं. शेवटी ते वाक्य आलं होतं. याच दिवाणखान्यात, सगळ्यांसमोर, याच तोंडातून. फक्त ते कौतुकाच्या वेळी आलं नव्हतं, जोडे खायच्या वेळी आलं होतं. हेही ती ओळखून होती.

तिनं पदराला हात पुसले आणि बाहेर आली. धुरंधरसाहेबांना वाकून नमस्कार केला.

"तुम्ही इथल्या ना?" ते जरा कठोरपणे म्हणाले. डोळ्यांवर चष्मा नव्हता, त्यांनी तिला अजून नीट ओळखलं नव्हतं. "तुम्हाला तरी कळायला हवं होतं, बाई. अंगारकीला डुक्कर?"

"मला काय विचारता साहेब," अंजनी शांतपणे म्हणाली. "दिवस कुठला धरायचा, काय शिजवायचं, ते मॅडम ठरवतात. मी यांची किचन हेल्प आहे."

ते दोन इंग्रजी शब्द जर्मन बाईच्या कानावर पडले. बाकीचं तिला काही कळलं नव्हतं, पण हे कळलं. ती आनंदानं पुढे आली. "येस, येस! द किचन हेल्प! लास्ट इयर!" गेल्या वर्षीच्या कोलंब्याही हिच्याच हातच्या ना, चव तीच आहे, मी ओळखली, असं ती इंग्रजीत मालिनीबाईंना सांगायला लागली. गेल्या वर्षी त्या कोलंब्या सासूबाईंच्या होत्या, हे तिथल्या प्रत्येकाला आठवत होतं.

धुरंधरसाहेबांनी खिशातून चष्मा काढून डोळ्यांवर चढवला. अंजनीकडे बघितलं. मग त्यांची नजर कोपऱ्यात गेली, जिथे जयदेव उभा होता, हातात सरबताच्या ग्लासांचा ट्रे.

"भोईर," ते म्हणाले, "या कामाला आहेत इथे?"

अंजनीनं नवऱ्याकडे बघितलं. यात तिनं कसलीही मदत करायची नाही असं ठरवलं होतं. त्याचं त्यानं बघावं. जयदेवनं ट्रे टीपॉयवर ठेवला.

"ही माझी बायको आहे, साहेब," तो म्हणाला. जर्मन पाहुण्यांकडे वळून त्यानं तेच इंग्रजीत सांगितलं. आवाज शेवटच्या भिंतीपर्यंत गेला. "शी इज नॉट हेल्प. शी इज माय वाइफ."

एक वर्ष उशीर, अंजनीच्या मनात आलं. पण बोलला.

जर्मन बाईचा चेहरा लाल झाला. तिनं मालिनीबाईंकडे बघितलं. पर्समधून छोटी डायरी आणि पेन काढलं आणि अंजनीसमोर धरलं. नाव?

"अंजनी जयदेव भोईर," अंजनी म्हणाली. नीलिमानं, कोण जाणे कुठून धीर आणून, पुढे होऊन एकेक इंग्रजी अक्षर सांगितलं. दिवाणखान्यात सगळे उभे राहून ते नाव लिहिलं जाताना बघत होते.

धुरंधरसाहेबांनी पेढ्यांचा पुडा अंजनीच्या हातात दिला. "चंद्रोदय झाल्यावर सगळ्यांना द्या," ते म्हणाले. मग कर्णिकसाहेबांकडे वळले. "आपल्या ऑफिसरची बायको आहे ती, कर्णिक. करारावर सह्या उद्या होतील. तुमच्या त्या दुसऱ्या विषयाबद्दल नंतर कधीतरी बोलू." पाणीही न घेता ते गाडीत जाऊन बसले. दुसरा विषय कुठला, ते विचारायची कुणाला गरज पडली नाही.

साडेआठला दिवाणखाना रिकामा झाला. मालिनीबाई स्वयंपाकघरात आल्या. शिफॉनचा पदर खांद्यावरून सुटला होता, डोळ्यांतलं काजळ पसरलं होतं. ओट्यावर चार ताटं होती. पहिल्यातल्या पाच-सहा सोडल्या तर सगळ्या कोलंब्या छत्र्या उघडून तशाच बसल्या होत्या.

"तुला माहीत होतं," मालिनीबाई म्हणाल्या. "मी तुला विचारलं होतं, अंजनी. तू चालेल म्हणालीस."

"म्हणाले."

"पण का? मी तुझं काय वाकडं केलं होतं?"

अंजनी तवा घासत होती. तिनं हात थांबवला. "गेल्या वर्षी याच ओट्याशी तुम्ही मला कामवाली केलंत. त्या बाईसमोर. माझ्या नवऱ्यासमोर."

मालिनीबाईंनी कपाळाला आठ्या घातल्या. त्या खरंच आठवत होत्या. आणि त्यांना खरंच आठवत नव्हतं. "मी असं म्हणाले?" त्या म्हणाल्या. "कधी?"

अंजनीला हसू आलं नाही की रडू आलं नाही. वर्षभर उराशी धरून ठेवलेली गोष्ट या बाईच्या लेखी एवढीशीही नव्हती. मग तिला वाटलं, बरंच झालं. आजची तरी आठवेल.

तिनं तवा पालथा घातला, हात धुतले, पेढ्यांचा पुडा उचलला. दारात जयदेव चपला घालून थांबला होता. टिटवाळ्याहून परतलेली सासू घरी मोदक करून वाट बघत असणार होती. चंद्राला अजून पाऊण तास होता.

"आता एवढ्या कोलंब्यांचं मी करू काय?" मागून मालिनीबाईंचा रडवेला आवाज आला.

अंजनी उंबऱ्यावर थांबली.

"फ्रिजमध्ये ठेवा, मॅडम," ती म्हणाली. "उद्या बुधवार आहे. चालेल."